गणित पक्के, वापर कच्चा : ऑपरेटिंग सिस्टीममधील कूटशास्त्राचा आढावा

एईएस हे एन्क्रिप्शनचे प्रमाण अमेरिकेच्या एनआयएसटी या मानक संस्थेने २००१ साली स्वीकारले. योआन डामेन आणि व्हिन्सेंट रायमेन या बेल्जियमच्या दोघा कूटशास्त्रज्ञांनी ते रचले. तेव्हापासून जगभरचे गणिती त्यावर घाव घालत आले आहेत, पण पूर्ण एईएस प्रत्यक्षात फोडण्याची वाट कुणालाही सापडलेली नाही. तरीही याच काळात पासवर्डांचे साठे फुटले, बनावट प्रमाणपत्रे खरी म्हणून खपली, सर्व्हरच्या मेमरीतून गुप्त किल्ल्या बाहेर आल्या. या घटनांची मुळे शोधत गेले की बहुतेक वेळा आपण एकाच ठिकाणी पोचतो : सिद्ध झालेले गणित आणि ते वापरणारा प्रोग्रामर यांच्यामधल्या सांध्यावर.

बँकेचे ॲप लिहिणारा प्रोग्रामर एईएस स्वतः लिहीत नाही, आणि लिहूही नये. तो विंडोज, लिनक्स, अँड्रॉइड किंवा त्यांच्याबरोबर येणाऱ्या लायब्ररीकडे मागणी करतो : एक यादृच्छिक संख्या दे, हा मजकूर गुप्त कर, समोरच्या सर्व्हरचे प्रमाणपत्र तपास, ही किल्ली जपून ठेव. ही मागणी ज्या फंक्शनांतून होते त्यांचा संच म्हणजे कूटशास्त्रीय प्रोग्रामिंग इंटरफेस, अर्थात एपीआय. गेल्या पंचेचाळीस वर्षांचा अनुभव एकत्र ठेवून पाहिला तर त्यातून एक कसोटी हाती लागते. प्रोग्रामरने मागणी अर्धवट केली, एखादा पर्याय भरायचा राहिला, तर काय घडते? त्या वेळी जी यंत्रणा सुरक्षित बाजूला झुकते तीच लाखो लोकांच्या हाती टिकते. या लेखात एकेक अंग या कसोटीवर तपासू.

यादृच्छिक संख्या : सगळ्याचा पाया

एन्क्रिप्शनची प्रत्येक किल्ली शेवटी एखाद्या यादृच्छिक संख्येतून जन्माला येते. ती संख्या हल्लेखोराला अंदाजाने काढता आली तर पुढचे सारे गणित निरुपयोगी ठरते. १९९५ मध्ये बर्कलीचे इयान गोल्डबर्ग आणि डेव्हिड वॅग्नर यांनी नेटस्केप ब्राउझरबाबत हेच दाखवून दिले. ब्राउझर आपली किल्ली घड्याळातली वेळ, स्वतःचा प्रोसेस क्रमांक आणि पालक प्रोसेसचा क्रमांक यांवरून बनवत होता. हल्लेखोराला हे तिन्ही बऱ्याच अंशी ठाऊक असू शकतात.

खरी अनिश्चितता हार्डवेअरमध्ये सापडते : डिस्कचे व्यवहार, कळा दाबण्यातले अंतर, इंटरप्टच्या सूक्ष्म वेळा. या साऱ्यापर्यंत ऑपरेटिंग सिस्टीमच्या गाभ्याचा, म्हणजे कर्नलचाच, हात पोचतो. म्हणून १९९४ मध्ये थिओडोर त्सो यांनी लिनक्सच्या कर्नलमध्ये यादृच्छिक संख्यांचा उगम बसवला, हा निर्णय मूलभूत होता. पण त्याचा इंटरफेस अवघड निघाला. डेव्ह-रँडम आणि डेव्ह-यूरँडम अशा दोन फायली होत्या. पहिली वारंवार अडून बसे, दुसरी कधीच अडत नसे. पहिलीला कंटाळून लोक दुसरीकडे वळले, पण मशीन नुकतेच सुरू झाले असताना, पुरेशी अनिश्चितता गोळा होण्याआधीही ती बिनदिक्कत संख्या देत होती.

याची किंमत २०१२ मध्ये आकड्यांत दिसली. नादिया हेनिंगर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी संपूर्ण इंटरनेटवरील सार्वजनिक किल्ल्या गोळा करून एकमेकींशी ताडून पाहिल्या. टीएलएस ही सुरक्षित संवादाची पद्धत वापरणाऱ्या ०.५ टक्के यंत्रांच्या आरएसए गुप्त किल्ल्या त्यांना निव्वळ महत्तम साधारण विभाजक काढून मिळवता आल्या, कारण वेगवेगळ्या यंत्रांनी एकच मूळ संख्या निवडली होती. दोषी उपकरणे प्रामुख्याने राउटर आणि फायरवॉल होती, पहिल्यांदा सुरू होताच किल्ली बनवणारी. आरएसएच्या गणितात त्यात काहीही चूक नव्हती.

त्याआधी डेबियन लिनक्समध्ये घडलेला प्रकार आणखी बोलका आहे. न भरलेली मेमरी वाचली जात असल्याची तक्रार एका तपासणी साधनाने केली, म्हणून २००६ मध्ये ओपनएसएसएल या कूटशास्त्रीय लायब्ररीच्या डेबियन आवृत्तीतून काही ओळी काढल्या गेल्या. त्यातच अनिश्चितता मिसळणारी ओळही गेली. मे २००८ मध्ये लुसियानो बेलो यांनी दोष उघड केला तोवर जवळजवळ दोन वर्षे डेबियन आणि उबुंटूवर बनणाऱ्या किल्ल्या केवळ प्रोसेस क्रमांकावर अवलंबून होत्या. प्रत्येक प्रकारच्या किल्लीसाठी जेमतेम ३२,७६८ शक्यता उरल्या होत्या. किल्ल्या दिसायला मात्र अगदी नेहमीसारख्या होत्या. यादृच्छिकतेचा दोष डोळ्यांना दिसत नाही, कोणतीही चाचणी नापास होत नाही. म्हणूनच ही जबाबदारी प्रत्येक लायब्ररीवर न सोडता एका जागी, कर्नलमध्ये, नीट निभावणे गरजेचे ठरते.

२०१४ हे या बाबतीत वळणाचे वर्ष होते. ओपनबीएसडी या ऑपरेटिंग सिस्टीमने गेट-एन्ट्रॉपी आणि लिनक्सने ३.१७ या आवृत्तीत गेट-रँडम हे थेट सिस्टीम कॉल दिले. फाईल उघडण्याची गरज संपली, ती न उघडल्यास काय करायचे हा प्रश्नही संपला. गेट-रँडम साधेपणाने वापरले तर सुरुवातीची अनिश्चितता जमेपर्यंत थांबते, त्यानंतर कधीच अडत नाही. हे थांबणेही सर्वांना मानवले नाही. २०१९ मध्ये एका फाइल सिस्टीममधील सुधारणेमुळे डिस्कचे व्यवहार कमी झाले, अनिश्चितता जमेना आणि काही मशीन सुरू होतानाच अडकू लागली. त्यावर लिनस टॉरवाल्ड्स यांनी कर्नलने स्वतः सीपीयूच्या वेळांमधील चढउतारातून अनिश्चितता गोळा करावी, अशी सोय केली. २०२० च्या ५.६ आवृत्तीपासून डेव्ह-रँडमचे अकारण अडणे थांबले. २०२२ मध्ये जेसन डोननफेल्ड यांनी आतली जुनी रचनाही बदलली. म्हणजे हा एक साधा वाटणारा इंटरफेस सरळ व्हायला पाव शतकाहून अधिक काळ लागला.

काही ठिकाणी तर यादृच्छिकतेची गरजच काढून टाकणे शहाणपणाचे ठरले. सोनीच्या प्लेस्टेशन ३ मध्ये प्रत्येक सहीसाठी नवी हवी असलेली संख्या दर वेळी तीच वापरली गेली होती, आणि डिसेंबर २०१० मध्ये बर्लिनच्या परिषदेत ती गुप्त किल्ली कशी काढता येते हे संशोधकांनी दाखवले. त्यानंतरच्या काळात रुजलेल्या ईडी२५५१९ सारख्या सहीपद्धती ती संख्या संदेश आणि किल्ली यांवरूनच काढतात. प्रोग्रामरला चुकण्याची जागाच उरत नाही.

पासवर्ड : युनिक्सने शिकवलेले

पासवर्ड उघड न साठवता त्यावर एकतर्फी प्रक्रिया करून साठवावा, हे आज प्राथमिक ज्ञान मानले जाते. रॉबर्ट मॉरिस आणि केन थॉम्पसन यांनी १९७९ च्या शोधनिबंधात युनिक्सचा अनुभव मांडला, तेव्हा त्यातली प्रत्येक गोष्ट प्रयोगातून आली होती. त्यांनी जमवलेल्या ३,२८९ पासवर्डांपैकी सुमारे ८६ टक्के एकतर फार लहान होते किंवा शब्दकोशात, नावांच्या यादीत सापडणारे होते. म्हणून क्रिप्ट हे फंक्शन मुद्दाम संथ केले गेले : डीईएस या तेव्हाच्या एन्क्रिप्शन प्रमाणाच्या २५ फेऱ्या, आणि एकाच पासवर्डाची दोन ठिकाणी दोन रूपे दिसावीत म्हणून १२ बिटांचे सॉल्ट.

संगणक वेगवान होत गेले आणि तो संथपणा अपुरा पडला. निल्स प्रोव्होस आणि डेव्हिड मॅझिएर यांच्या बीक्रिप्टने ओपनबीएसडीमध्ये संथपणाचे प्रमाण वाढवता येण्याची सोय आणली आणि ते प्रमाण साठवलेल्या पासवर्डातच नोंदवले. हार्डवेअर बदलले की फक्त आकडा वाढवायचा, प्रोग्राम तोच राहतो. २०१५ च्या स्पर्धेत निवडल्या गेलेल्या आर्गॉन२ ने वेळेबरोबर मेमरीचा खर्चही वाढवला. काळाबरोबर बदलण्याची सोय इंटरफेसमध्येच ठेवल्याने ही परंपरा टिकली.

न सांगितलेले पर्याय

एईएस एका वेळी १६ बाइटांचा तुकडा घेते. मोठा मजकूर तुकड्यांनी कसा जोडायचा याच्या अनेक पद्धती आहेत. त्यांपैकी ईसीबी ही सर्वांत साधी आणि सर्वांत घातक, कारण तिच्यात समान तुकड्यांचे समान रूप दिसते. २०१३ मध्ये अडोबीचा ग्राहकसाठा फुटला तेव्हा याचे परिणाम साऱ्या जगाने पाहिले. पासवर्ड ट्रिपल डीईएसने ईसीबी पद्धतीत ठेवले होते आणि आठवणीसाठी दिलेले इशारे उघड होते. ज्यांचा पासवर्ड एक, त्यांची नोंद एक. एकाचा इशारा दुसऱ्याचा पासवर्ड सांगून जात होता. किल्ली न सापडताही हजारो पासवर्ड ओळखता आले.

प्रोग्रामर ही पद्धत निवडतात तरी का? बहुतेक वेळा ते निवडतच नाहीत. जावाच्या प्रमाणित इंटरफेसमध्ये नुसते ‘एईएस’ मागितले की सर्रास ईसीबीच मिळते. मॅन्युएल एगेले आणि सहकाऱ्यांनी २०१३ मध्ये कूटशास्त्र वापरणारी ११,७४८ अँड्रॉइड ॲप तपासली. त्यांतील १०,३२७ ॲपमध्ये, म्हणजे ८८ टक्क्यांत, किमान एक मूलभूत चूक होती : ईसीबी, कायमची एकच किल्ली, कायमचे एकच सॉल्ट. शंभरातील अठ्ठ्याऐंशी जण चुकत असतील, तर तो त्यांच्या हलगर्जीपणाचा पुरावा म्हणून वाचणे अन्यायाचे आहे. ज्याने ती वाट आखली त्याला जाब विचारायला हवा.

या विचारातून दुसरी परंपरा उभी राहिली. डॅनियल बर्नस्टाइन, तान्या लांगे आणि पेटर श्वाबे यांच्या नॅकल लायब्ररीने प्रोग्रामरकडून पद्धत, फेऱ्या, पॅडिंग यांची निवड काढून घेतली. संदेश, समोरच्याची सार्वजनिक किल्ली, आपली गुप्त किल्ली आणि एकदाच वापरायचा आकडा द्यायचा, आणि गुप्त व अखंडतेची हमी असलेला संदेश घ्यायचा. फ्रँक डेनिस यांच्या लिबसोडियमने हीच रचना सर्वत्र नेली. गूगलने २०१८ मध्ये टिंक आणि ॲपलने २०१९ मध्ये क्रिप्टोकिट आणले. क्रिप्टोकिटमध्ये एकदाच वापरायचा आकडा दिला नाही तर लायब्ररी तो स्वतः यादृच्छिक घेते. जुन्या इंटरफेसमध्ये पर्याय वगळला की धोका ओढवायचा, इथे पर्याय वगळणे हाच सुरक्षित मार्ग झाला आहे.

प्रमाणपत्रे : कुणावर विसंबायचे

दोन यंत्रांमधील संवाद गुप्त असला, तरी समोर नेमके कोण आहे हे न तपासल्यास ती गुप्तता व्यर्थ आहे. २०१२ मध्ये स्टॅनफर्ड आणि टेक्सासच्या संशोधकांनी ब्राउझरबाहेरच्या प्रोग्रामांमधील प्रमाणपत्र तपासणी पाहिली. पैशांचे व्यवहार करणाऱ्या लायब्ररींतही ती फसलेली आढळली. एक कारण कर्ल या लोकप्रिय लायब्ररीत होते. सर्व्हरचे नाव तपासण्याच्या पर्यायाला ०, १ आणि २ अशा तीन किमती होत्या. खरी तपासणी २ वर होत होती. प्रोग्रामर मात्र ‘तपासा’ या अर्थाने ‘ट्रू’ लिहीत, त्याचे १ होई आणि नाव जुळते की नाही हे पाहिलेच जात नसे. सुरक्षिततेची इच्छा व्यक्त करणाऱ्या ओळीनेच सुरक्षितता बंद होत होती. कर्लने नंतर हा सापळा काढून टाकला.

तपासणी ऑपरेटिंग सिस्टीमने केली तरी धोका संपत नाही. फेब्रुवारी २०१४ मध्ये ॲपलने आयओएस ७.०.६ घाईने आणले, कारण सही पडताळणाऱ्या भागात उडी मारण्याची एक ओळ दोनदा लिहिली गेली होती आणि पडताळणी न होताच ‘ठीक आहे’ असे उत्तर जात होते. जानेवारी २०२० मध्ये विंडोज १० मधील दोष अमेरिकेच्या एनएसए या गुप्तचर संस्थेने मायक्रोसॉफ्टला कळवला. लंबवक्री कूटशास्त्रातील विश्वासू मूळ प्रमाणपत्राची सार्वजनिक किल्ली जुळते का हे विंडोज पाहत होते, पण ज्या वक्राच्या आधारे ती किल्ली अर्थपूर्ण होते त्याचे घटक ताडून पाहत नव्हते. हल्लेखोर स्वतःला सोयीचा आधारबिंदू निवडून खोटे प्रमाणपत्र खरे ठरवू शकत होता. अशा दोषाची दुरुस्ती एका जागी होते आणि एका अद्यतनाने सर्व प्रोग्राम सावरतात, हा केंद्रीकरणाचा फायदा. दोषही एकाच वेळी सर्वांना लागतो, हा तोटा.

या साखळीच्या मुळाशी विश्वासू प्रमाणन संस्थांची यादी असते, आणि ती कोण ठेवतो यावर बरेच काही ठरते. भारताला याचा थेट अनुभव आहे. माहिती तंत्रज्ञान कायदा २००० ने असममित कूटपद्धती आणि हॅश फंक्शनवर आधारलेल्या डिजिटल सहीला कायदेशीर मान्यता दिली आणि प्रमाणन संस्थांवर नियंत्रक नेमला. जुलै २०१४ मध्ये गूगलच्या डोमेनसाठी परवानगीविना दिलेली प्रमाणपत्रे आढळली. ती राष्ट्रीय सूचना विज्ञान केंद्राच्या म्हणजे एनआयसीच्या प्रमाणन व्यवस्थेतून निघाली होती आणि त्यांची साखळी भारतीय नियंत्रकाच्या मूळ प्रमाणपत्रापर्यंत जात होती. ते मूळ प्रमाणपत्र मायक्रोसॉफ्टच्या यादीत होते, त्यामुळे विंडोजची यादी वापरणारे प्रोग्राम या प्रमाणपत्रांवर विश्वास ठेवू शकत होते. फायरफॉक्स स्वतःची यादी ठेवतो, त्यात ते नव्हते. ॲपलच्या आणि अँड्रॉइडच्या यादीतही नव्हते. एकच संकेतस्थळ, एकच बनावट प्रमाणपत्र, पण धोका कुणाला हे ऑपरेटिंग सिस्टीम आणि ब्राउझर यांच्या निवडीवर ठरले. नियंत्रकाने एनआयसीची संबंधित प्रमाणपत्रे रद्द केली, मायक्रोसॉफ्टने त्यांवरचा विश्वास काढून घेणारे अद्यतन दिले, आणि क्रोमने या मूळ प्रमाणपत्राची व्याप्ती ठरावीक भारतीय डोमेनांपुरती आणली.

सामान्य माणसाला हीच गोष्ट ई-आधारची पीडीएफ उघडल्यावर दिसते. सही खरी असूनही तिच्याजवळ पिवळे प्रश्नचिन्ह येते, कारण वाचणाऱ्या प्रोग्रामच्या यादीत भारतीय मूळ प्रमाणपत्र नसते. एका ठिकाणी विश्वास अधिक दिला गेला, दुसऱ्या ठिकाणी कमी. दोन्हींवर मार्ग एकच, निर्णय उघड आणि तपासण्याजोगा ठेवणे. म्हणूनच प्रत्येक प्रमाणपत्राची सार्वजनिक नोंद ठेवणारी पद्धत महत्त्वाची ठरली. क्रोमने एप्रिल २०१८ अखेरीपासून नव्या प्रमाणपत्रांना ती सक्तीची केली.

किल्ली जपण्याची जागा

सुरक्षित किल्ली बनली, योग्य पद्धत निवडली. आता ती ठेवायची कुठे? इथे ऑपरेटिंग सिस्टीमने दिलेले उत्तर फार समर्पक आहे : प्रोग्रामला किल्ली देऊच नका, फक्त तिचा हवाला द्या. ‘या किल्लीने सही करून दे’ असे प्रोग्राम म्हणेल आणि काम आत होऊन उत्तर बाहेर येईल. प्रोग्राम फुटला तरी किल्लीचे बाइट हल्लेखोराच्या हाती पडत नाहीत. विंडोज २००० मधील डीपीएपीआय, ॲपलची कीचेन, अँड्रॉइडचे कीस्टोअर हे या विचाराच्या वेगवेगळ्या पायऱ्यांवर उभे आहेत. हार्डवेअरने ती भिंत आणखी जाड केली. २०१३ च्या आयफोन ५एस मध्ये सिक्युअर एन्क्लेव्ह आला, आणि २०२१ मध्ये विंडोज ११ ने टीपीएम २.० ची अट घातली.

पण हार्डवेअरही शेवटी कुणीतरी लिहिलेला प्रोग्रामच चालवते. इन्फिनिऑनच्या चिपमधील लायब्ररी आरएसएच्या मूळ संख्या वेगाने शोधण्यासाठी ठरावीक साच्यातून निवडत होती. २०१७ मध्ये ब्रनो येथील मासारिक विद्यापीठाच्या संशोधकांच्या गटाने ते उघड केले आणि एस्टोनियाला सुमारे साडेसात लाख ओळखपत्रांच्या किल्ल्या बदलाव्या लागल्या.

आपल्या देशाच्या दृष्टीने आणखी एक घडामोड मोलाची आहे. स्वस्त फोनमधील प्रोसेसरांत एईएससाठी खास सूचना नसतात, त्यामुळे संपूर्ण साठवण एन्क्रिप्ट केली की फोन मंदावतो आणि सूट मागितली जाते. २०१८ मध्ये या कामासाठी एनएसएने रचलेले स्पेक लिनक्समध्ये आले, पण त्यावरचा विश्वास उडाल्याने काही महिन्यांत काढले गेले. त्यानंतर गूगलच्या पॉल क्राउली आणि एरिक बिगर्स यांनी ॲडिअँटम रचले. ते अशा प्रोसेसरांवर एईएसपेक्षा बरेच वेगाने चालते. अँड्रॉइड १० पासून नव्या फोनांना साठवणीचे एन्क्रिप्शन सक्तीचे झाले, ते यामुळे शक्य झाले. महाग फोन घेणाऱ्याला गुप्तता आणि स्वस्त फोन घेणाऱ्याला सूट, हा भेद एका योग्य रचनेने बराच पुसला. सुरक्षिततेच्या इतिहासात मला हे पाऊल फार मोठे वाटते.

चूक होणारच, हे धरून

१९८८ च्या नोव्हेंबरमध्ये एका वर्मने त्या वेळच्या इंटरनेटवरील हजारो यंत्रे जेरीस आणली. बफर ओलांडून मेमरीत शिरणे आणि पासवर्डांचा अंदाज बांधणे ही त्याची साधने होती. त्याचा लेखक हा पासवर्डांचा तो शोधनिबंध लिहिणाऱ्या मॉरिस यांचाच मुलगा. मेमरीतली चूक कूटशास्त्राला वळसा घालून जाते, हे तेव्हाच स्पष्ट झाले होते.

एप्रिल २०१४ मधील हार्टब्लीडने ते पुन्हा दाखवले. ओपनएसएसएलमध्ये समोरच्याने सांगितलेली लांबी न तपासता तेवढी मेमरी परत पाठवली जात होती, एका विनंतीत ६४ किलोबाइटपर्यंत. त्यात पासवर्ड, कुकी, प्रसंगी गुप्त किल्लीही जाई. ओपनएसएसएलने वेगासाठी स्वतःचे मेमरी वाटप लिहिले होते, त्यामुळे ऑपरेटिंग सिस्टीमने बसवलेली संरक्षणे अशा चुकांसमोर आड येऊ शकत नव्हती. जगाच्या व्यवहारांचा मोठा भार वाहणारा तो प्रकल्प वर्षाकाठी सुमारे दोन हजार डॉलरच्या देणग्यांवर तग धरून होता. त्यानंतर लिनक्स फाउंडेशनच्या पुढाकाराने निधी उभा राहिला, आणि ओपनबीएसडीच्या गटाने लिब्रेएसएसएल ही वेगळी शाखा काढली.

स्टॅक ओळखचिन्हे, पत्ते विखुरणारी एएसएलआर, एकच मेमरी लिहिण्याजोगी आणि चालवण्याजोगी न ठेवण्याचा नियम, ही संरक्षणे आज सर्व प्रमुख सिस्टीममध्ये न मागता मिळतात. त्याहून खोल विचार अधिकार वाटण्याचा आहे. निल्स प्रोव्होस यांनी २००२ च्या सुमारास दूरच्या यंत्रावर लॉगिन करू देणाऱ्या ओपनएसएसएचचे दोन भाग केले : नेटवर्कशी बोलणारा अधिकारहीन भाग आणि किल्ल्या सांभाळणारा छोटा अधिकारी भाग. पहिला फुटला तरी दुसरा उभा राहतो.

इथेही इंटरफेसचा प्रश्न निर्णायक ठरतो. प्रोग्रामला कोणते सिस्टीम कॉल करता येतील हे बांधून देणारे लिनक्सचे सेकॉम्प प्रभावी आहे, पण त्याचे नियम म्हणजे सिस्टीम कॉलनिहाय लिहिलेला छोटा प्रोग्रामच. ओपनबीएसडीने २०१६ मध्ये प्लेज आणले. त्यात प्रोग्राम सुरुवातीलाच चार शब्दांत सांगतो की आपण फायली वाचू, नेटवर्क वापरू, बाकी काही करणार नाही. वचन मोडले की कर्नल तो प्रोग्राम तिथेच संपवतो. ते इतके सोपे आहे की त्या सिस्टीमच्या मूळ संचातील बहुतेक प्रोग्रामांनी ते स्वीकारले. सुरक्षिततेची सोय लोक किती वापरतील, हे ती किती थोडक्यात मागता येते यावर अवलंबून असते.

मार्च २०२४ मधील एक्सझेड प्रकरणाने मर्यादाही दाखवल्या. आंद्रेस फ्रॉइंड यांना लॉगिनला अर्धा सेकंद जास्त लागत असल्याचे जाणवले, आणि त्यातून फाइल आकसणाऱ्या एका छोट्या लायब्ररीतील चोरवाट सापडली. ओपनएसएसएचच्या मूळ प्रोग्रामला त्या लायब्ररीची गरज नव्हती. काही वितरणांनी दुसऱ्या सोयीसाठी जोडलेल्या दुव्यातून ती त्याच्या प्रोसेसमध्ये पोचली होती. गुप्त किल्ली सांभाळणाऱ्या प्रोसेसमध्ये काय काय जोडले जाते, हाही तिच्या सुरक्षिततेचाच भाग आहे.

सत्तेची लुडबुड

इंटरफेसची रचना केवळ अभियंते ठरवत नाहीत. १९९६ मध्ये मायक्रोसॉफ्टचा क्रिप्टोएपीआय आला तेव्हा अमेरिकेच्या निर्यातबंदीमुळे जगाला ४० बिटांची दुबळी आवृत्ती आणि अमेरिका-कॅनडाला बळकट आवृत्ती, अशी विभागणी होती. बंदी २००० मध्ये सैल झाली, पण दुबळ्या किल्ल्यांना होकार देणारा कोड मागे राहिला. २०१५ मध्ये फ्रीक या हल्ल्याने ॲपल, विंडोज आणि ओपनएसएसएल या तिघांतही तोच जुना दरवाजा उघडा असल्याचे दाखवले. एकदा कमजोर केलेला इंटरफेस कायदा बदलल्यावरही वर्षानुवर्षे कमजोर राहतो.

ड्युअल-ईसी या यादृच्छिक संख्या देणाऱ्या प्रमाणाचा इतिहास याहून गंभीर आहे. २००६ मध्ये एनआयएसटीने ते मान्य केले. त्यातील स्थिरांक निवडणाऱ्याकडे गुप्त चावी असू शकते, हे डॅन शुमो आणि निल्स फर्ग्युसन यांनी पुढच्याच वर्षी मांडले. २०१३ मध्ये एडवर्ड स्नोडेन यांनी उघड केलेल्या कागदपत्रांनंतर ते प्रमाण मागे घेतले गेले. विंडोजमध्येही ते होते, पण मागितले तरच मिळणारे. आरएसए कंपनीच्या बीसेफ लायब्ररीत मात्र ते काही न सांगता मिळत होते. घातक गणित तेच असूनही त्याचा धोका डिफॉल्टच्या जागेने बदलला.

भारतातही सप्टेंबर २०१५ मध्ये राष्ट्रीय एन्क्रिप्शन धोरणाचा मसुदा आला. एन्क्रिप्ट केलेल्या संदेशांची मूळ प्रत ९० दिवस जपून ठेवण्याची अट त्यात नागरिकांवरही होती. टीका झाली आणि मसुदा लगेच मागे घेतला गेला. ही अट लागू झाली असती, तर प्रत्येक फोनला जे विसरायला शिकवले आहे ते त्याला मुद्दाम साठवावे लागले असते.

पुढचे स्थित्यंतर

पुरेसा मोठा क्वांटम संगणक आरएसए आणि लंबवक्री पद्धती मोडू शकेल, हे सिद्ध आहे. आज पकडून ठेवलेली माहिती उद्या उघडली जाईल, म्हणून बदल आधीच करावा लागतो. ऑगस्ट २०२४ मध्ये एनआयएसटीने एमएल-केईएम आणि दोन सहीपद्धतींची प्रमाणे जाहीर केली. ओपनएसएसएचने तर २०२२ च्या ९.० आवृत्तीपासूनच नवी आणि जुनी पद्धत एकत्र करून डिफॉल्ट ठेवली होती. वापरणाऱ्यांपैकी अनेकांना ते कळलेही नाही, आणि हेच त्या कामाचे यश आहे. ओपनएसएसएलने एप्रिल २०२५ च्या ३.५ आवृत्तीत एनआयएसटीच्या या पद्धती आणल्या.

अडचण आकारांची आहे. जुन्या एक्स२५५१९ ची सार्वजनिक किल्ली ३२ बाइटांची, एमएल-केईएम ७६८ ची १,१८४ बाइटांची. ज्या प्रोग्रामांनी ३२ हा आकडा गृहीत धरून जागा आखल्या, ते मोडतील. ज्यांनी फक्त ‘या दोघांत सुरक्षित वाट तयार कर’ असे मागितले, ते लायब्ररी बदलताच पुढे जातील. नेमके कोणते गणित हवे हे प्रोग्रामरला सांगायला लावणारे इंटरफेस या दशकात सर्वांत महाग पडणार आहेत.

आता काय करावे

या साऱ्यातून काही ठोस अपेक्षा निघतात. यादृच्छिक संख्या कर्नलकडूनच घ्याव्यात. काहीही न सांगता मिळणारा पर्याय सुरक्षितच असावा आणि धोकादायक पर्यायाचे नाव धोका सांगणारे असावे. किल्लीचे बाइट प्रोग्रामच्या हाती न देता हवाला द्यावा. तपासणी बंद करणे कठीण आणि चालू ठेवणे सोपे असावे. विश्वासयाद्या आणि प्रमाणपत्रे सार्वजनिक नोंदीत असावीत. जे मोफत सॉफ्टवेअर सारे वापरतात, त्याच्या देखभालीचा खर्च वापरणाऱ्या संस्थांनी उचलावा.

आपल्याकडच्या अभियांत्रिकी वर्गांत डीईएसच्या फेऱ्या आणि आरएसएची छोटी उदाहरणे हाताने सोडवून घेतली जातात. ते ज्ञान हवेच. त्याबरोबर प्रमाणपत्र तपासणी नापास झाल्यावर प्रोग्रामने काय करावे, एकदाच वापरायचा आकडा पुन्हा वापरल्यास काय होते, पासवर्ड साठवायचे फंक्शन कोणते, हेही प्रात्यक्षिकात यायला हवे. पुण्या-मुंबईत लिहिले जाणारे सॉफ्टवेअर देशोदेशी चालते. तिथे चुकलेला एक पर्याय दूरच्या अनोळखी माणसाचा पगार, आजाराची नोंद किंवा खाजगी पत्र उघडे पाडू शकतो.

त्या अनोळखी माणसाला ईसीबी काय, प्रमाणपत्र काय, हे कधीच कळणार नाही आणि कळण्याची सक्तीही त्याच्यावर नसावी. त्याचे रक्षण ऑपरेटिंग सिस्टीम रचणाऱ्यांनी, लायब्ररी लिहिणाऱ्यांनी आणि प्रमाणे ठरवणाऱ्यांनी करायचे आहे. एखादा इंटरफेस चुकीचा वापरणे सोपे असेल, तर तो दुरुस्त होईपर्यंत त्या चुकांची जबाबदारी त्याच्या रचनाकारांनी आपली मानली पाहिजे.